कोण्या गावचे जी?

मुकुटबनहून वणीला जाणाऱ्या एसटीत शेजारी कोणी येऊन बसलं की पहिला प्रश्न ठरलेला : "कोण्या गावचे जी?" गाव कळलं की आडनाव, आडनाव कळलं की त्या आडनावाचे आमच्या ओळखीतले कोण कोण, आणि कायर यायच्या आत दोघांचा मिळून एखादा सोयरा निघतोच. एकदा तो निघाला की पिशवी मांडीवर धरणं, लेकराला खिडकीपाशी बसवणं, पाणी देणं, सगळं सोपं होतं. आधी नातं, मग मदत. मराठीत त्यासाठी शब्दही तयार आहेत : मानलेला भाऊ, मानलेली बहीण, धर्माची माय. परक्याला परकंच ठेवून त्याच्याकडून काही घ्यायचं म्हटलं की आपल्याला ते उधारीसारखं वाटतं.

आपले सिनेमेही याच वळणाचे. अनोळखी माणूस मदतीला धावला की शेवटच्या रिळात त्याला घरात घेतलंच पाहिजे. राखी बांधली जाते, नाही तर लग्न तरी ठरतं. म्हणून संदीप सावंत यांचा 'श्वास' परवा घरी टीव्हीवर पुन्हा पाहिला, तेव्हा एक गोष्ट नव्याने जाणवली. या सिनेमात माणसं एकमेकांना जीव लावून मदत करतात आणि तरीही कोणी कोणाचं काही 'लागत' नाही.

'श्वास' 2004 साली आला. 'श्यामची आई'नंतर तब्बल अर्ध्या शतकाने मराठीला राष्ट्रपतींचं सुवर्णकमळ त्याने मिळवून दिलं. ऑस्करसाठी भारताची निवड म्हणून तो गेला, तेव्हा तिथल्या खर्चासाठी लोकांनी वर्गणीही काढली. हे सगळं इतक्या वेळा सांगून झालंय, की सिनेमा मात्र 'डोळ्यांत पाणी आणणारा' या एका शेऱ्याखाली झाकला गेला. रडू येतंच, त्यात वाद नाही. पण ते कुठे येतं आणि कशाने येतं, हे जरा थांबून पाहण्यासारखं आहे.

गोष्ट चार ओळींची. कोकणातले एक आजोबा, केशव विचारे, सात-आठ वर्षांच्या नातवाला, परशुरामला, शहरातल्या मोठ्या दवाखान्यात आणतात. पोराला नीट दिसेनासं झालंय. तपासणीत कळतं की दोन्ही डोळ्यांच्या पडद्यांना कर्करोग आहे. हा लहान मुलांत होणारा आजार. बाहुलीत पांढरट चमक दिसते तेव्हाच कोणी ओळखली, तर पुष्कळदा डोळाही वाचतो. इथे ती वेळ टळलेली आहे. जीव वाचवायचा तर दोन्ही डोळे काढावे लागतील.

आता पाहा, या बातमीभोवती दिग्दर्शकाने माणसं कशी उभी केली आहेत. अरुण नलावडे यांचे आजोबा पोराचे सगळ्यांत जवळचे, पण सांगायची वेळ आली की त्यांची जीभ टाळूला चिकटते. संदीप कुलकर्णींचे डॉक्टर मिलिंद साने यांच्याकडे ज्ञान आहे, हात आहे, फक्त वेळ नाही. बाहेर रांग लागलेली असते, ते भरभर बोलतात आणि त्यांचे शब्द आजोबांच्या डोक्यावरून जातात. या दोघांच्या मध्ये आसावरी उभी आहे, अमृता सुभाषची. ती दवाखान्यातली समाजसेविका. तिचं काम इकडचं तिकडे पोचवण्याचं : डॉक्टरांचं वाक्य आजोबांना कळेल असं करून सांगायचं, आणि आजोबांचं गप्प राहणं डॉक्टरांना समजावून द्यायचं.

आमच्या भागातल्या कोणालाही हे चित्र समजावून द्यावं लागत नाही. झरी जामणी तालुक्यातून नागपूर-सेवाग्रामला पेशंट नेणाऱ्याला आजाराइतकीच भीती असते ती पाट्यांची. केसपेपर कुठे काढायचा, कोणत्या खिडकीवर शिक्का, रक्त कुठे द्यायचं, रिपोर्ट कधी. नलावडे ही भीती नुसत्या चालीतून दाखवतात. हा माणूस गावात ताठ चालत असणार, हे आपल्याला कळतं, कारण इथे तो भिंतीच्या कडेकडेने चालतो आणि कोणी पांढरा कोट दिसला की आधी बाजूला सरतो.

पटकथेतली सगळ्यांत धारदार गोष्ट म्हणजे डॉक्टरांची अट. शस्त्रक्रियेआधी पोराला सांगितलं पाहिजे. झोपेचं औषध देऊन नेलं आणि जागा झाल्यावर अंधार, हे चालणार नाही. डोळे त्याचे आहेत, तेव्हा त्याला कळलंच पाहिजे. घरच्यांना हे क्रूर वाटतं. आपल्याकडे आजार पेशंटपासून लपवणं हीच माया समजली जाते. म्हाताऱ्यालाही 'गाठ आहे साधी' असं सांगून गाडीत बसवतात. इथे एक परका माणूस म्हणतो, की लपवणं हा त्या लेकराचा अपमान आहे. आणि हे परकाच म्हणू शकतो. ज्याने त्या पोराला अंगाखांद्यावर खेळवलंय, त्याच्या तोंडून हे वाक्य निघणार नाही. नातं इथे मदतीच्या आड येतं, आणि पहिल्यांदा पाहिला तेव्हा हेच माझ्या नजरेतून निसटलं होतं.

पण सावंत इथे थांबत नाहीत. थांबले असते तर 'श्वास' शहाण्या डॉक्टरांनी अडाणी आजोबांना शिकवल्याची गोष्ट झाली असती. शस्त्रक्रिया पुढे ढकलली जाते आणि आजोबा नातवाला घेऊन वॉर्डातून नाहीसे होतात. एकच धावपळ उडते. पेशंट गेला कुठे, जबाबदार कोण, म्हाताऱ्याने काही बरंवाईट तर केलं नाही ना? आपल्याही पोटात गोळा येतो. आणि मग ते दोघं परत येतात. डॉक्टर संतापतात, आणि त्यांचा संताप खोटा नाही, कारण त्यांनी या पोरासाठी स्वतःला पणाला लावलेलं आहे. आजोबा काय करत होते? पोराला शहर दाखवत होते. उद्या डोळे जाणार, तर आज जेवढं मावेल तेवढं त्यात भरून घेऊ दे.

या प्रसंगात मदतीची दिशा उलटते. इतका वेळ देणारे डॉक्टर होते आणि घेणारे आजोबा. आता आजोबांनी, न विचारता, नियम मोडून, उपचारातली एक राहिलेली गोष्ट पुरी केलेली असते. ती कोणत्याही केसपेपरवर लिहिलेली नव्हती. संदीप कुलकर्णींचा चेहरा इथे पाहावा. राग ओसरताना दाखवणं नटाला सोपं असतं. ते दाखवतात ती त्याहून अवघड गोष्ट : आपल्या हातून काय राहून गेलं, हे कळलेला माणूस. पोराला खरं सांगणं परक्याला जमलं, उजेड दाखवणं घरच्याला जमलं. दोघांनी एकमेकांचं अपुरं काम पुरं केलं. भास्कर चंदावरकरांचं संगीत या जागी आपल्याला ढकलत नाही, बाजूला उभं राहतं.

आणि शेवट? काळा चष्मा लावलेला परशा होडीतून गावाकडे परततो. डॉक्टर होडीत नाहीत, आसावरीही नाही. त्यांच्या दारात पुढचे पेशंट उभे असणार. कोणी कोणाला मामा म्हटलं नाही, पत्रं लिहायचं ठरलं नाही. एवढ्या जवळ आलेली माणसं आपापल्या जागी परत गेली. मला हा या सिनेमाचा सर्वांत मोठा संयम वाटतो.

अमृता सुभाषचीच दुसरी एक भूमिका याच्या शेजारी ठेवली की मौज येते. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या 'अस्तु'मध्ये डॉ. मोहन आगाशे यांनी चक्रपाणी शास्त्री हे संस्कृतचे विद्वान उभे केले आहेत. स्मृतिभ्रंशाने त्यांचं सगळं ज्ञान पुसत चाललंय. मुलीच्या गाडीत बसलेले असताना रस्त्यावर हत्ती दिसतो आणि ते लहान मुलासारखे त्याच्या मागे निघून जातात. मुलगी इरा, म्हणजे इरावती हर्षे, शहरभर शोधत फिरते. शास्त्री मात्र माहुताच्या बायकोपाशी, चन्नम्मापाशी जाऊन पोचलेले असतात. ती कानडी बोलणारी, हातावर पोट असलेली. ते तिला 'आई' म्हणू लागतात, आणि ती होते आई.

'श्वास'मधल्या आसावरीकडे भाषा होती, माहिती होती, सही घ्यायचा फॉर्म होता. चन्नम्माकडे यातलं काहीच नाही. हा म्हातारा कोण, किती मोठा, तिला ठाऊक नाही. आणि म्हणूनच तिला ते जमतं. इराला समोरच्या माणसात सतत पूर्वीचे बाबा दिसतात. श्लोक सांगणारे, चुका काढणारे, आता हरवलेले. तिच्या प्रत्येक घासात दुःख कालवलेलं असतं. चन्नम्माला हरवायला काहीच नाही. तिच्यापुढे भुकेलं, भेदरलेलं एक माणूस आहे, एवढंच. 2013 सालच्या चित्रपटांसाठीचा साहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार अमृता सुभाषला या भूमिकेसाठी मिळाला. बाजारात तेलुगू, गोंडी, कोलामी आणि मराठी एकाच पोत्यावर सांडलेली ऐकणाऱ्या आम्हा पैनगंगेकाठच्या लोकांना चन्नम्माची कानडी परकी वाटत नाही. शब्द कळत नाहीत, पण 'जेव' म्हणताना आवाज कसा उतरतो, ते कळतं.

याच रांगेत रितेश बत्रांच्या 'द लंचबॉक्स'मधल्या देशपांडे काकूंना बसवायला हवं. 2013चा हा हिंदी सिनेमा चुकून भलत्याच टेबलावर गेलेल्या डब्याचा. तक्रार केली तर डबेवाला ऐटीत सांगतो, की हार्वर्डची माणसं येऊन पाहून गेली, आमच्याकडे चूक होत नाही! त्या चुकीने डबा पाठवणारी इला आणि तो खाणारा साजन फर्नांडिस चिठ्ठ्यांतून एकमेकांना सावरतात आणि समोरासमोर बोलत मात्र कधीच नाहीत. वरच्या मजल्यावरच्या काकू तर आपल्यालाही दिसत नाहीत. भारती आचरेकरांचा फक्त आवाज, आणि दोरीने खिडकीशी उतरणारी टोपली. त्यांचा नवरा वर्षानुवर्षं बेशुद्ध, नजर छताच्या पंख्यावर खिळलेली. पंखा थांबला तर त्यांचं काही होईल या धास्तीने काकू तो फिरता असतानाच पुसतात. ज्या बाईच्या घरी एवढं आहे, ती खाली मसाला पाठवते, आणि मीठ-मिरचीचा सल्लाही. दिग्दर्शकाने एकदाही वर कॅमेरा नेला नाही. नेला असता तर आपण काकूंची कीव केली असती.

तिन्ही सिनेमे संपल्यावर मला आठवली ती एक बाई. काही वर्षांपूर्वी मामाच्या डोळ्याच्या ऑपरेशनसाठी आम्ही एका मोठ्या शहरातल्या दवाखान्यात होतो. बाजूच्या खाटेपाशी आदिलाबादकडची एक तेलुगू बोलणारी बाई नवऱ्याला घेऊन आलेली. मी औषधांच्या रांगेत उभा असताना मामाला पाणी तिने पाजलं, थेंब घालायची वेळ झाली की नर्सला हाक तिने मारली. सवयीने मी विचारलंच, "कोण्या गावच्या जी?" तिने नाव सांगितलं. मला ते नीट लागलं नाही, तिला माझं लागलं नाही. पुन्हा विचारायचं राहून गेलं, आणि तिसऱ्या दिवशी आम्हाला सुट्टी झाली.

घरी येऊन पिशवी उपसली तर तळाशी तिच्या डब्याचं स्टीलचं झाकण निघालं. भाताबरोबर आलेलं, घाईत आमच्या सामानात गेलेलं. आमच्या कुठल्याच डब्याला ते बसत नाही. दुधाच्या पातेल्यावर ठेवतो आम्ही ते, रोज.