मॅथम : एका शब्दाचे अवमूल्यन आणि त्याचा अर्थ

जे. आर. आर. टोल्किन (१८९२-१९७३) यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४-५५) या कादंबरीच्या प्रस्तावनेत 'मॅथम' हा शब्द जवळजवळ गमतीने अवतरतो. हॉबिट हे शायर नावाच्या प्रदेशात राहणारे ठेंगणे, सुखवस्तू, शेतीवाडीत रमणारे लोक. ज्या वस्तूचा तूर्त उपयोग नाही, परंतु जी टाकूनही देववत नाही, तिला ते मॅथम म्हणतात. त्यांची घरे अशा वस्तूंनी भरून गेलेली असतात आणि एकमेकांना दिल्या जाणाऱ्या भेटींमध्येही त्यांचाच भरणा असतो. मिशेल डेल्व्हिंग या गावी तर या वस्तूंचे एक संग्रहालयच आहे. त्याचे नाव मॅथम-गृह. वाचक हे वाचून हसतो आणि पुढे जातो. या शब्दाकडे हॉबिटांच्या विक्षिप्तपणाचा एक नमुना एवढ्याच दृष्टीने पाहणे मात्र कादंबरीवर अन्याय करणारे आहे.

टोल्किन १९२५ ते १९४५ या काळात ऑक्सफर्ड येथे अँग्लो-सॅक्सन भाषेचे प्राध्यापक होते, ही गोष्ट येथे लक्षात घ्यावी लागते. प्राचीन इंग्रजीत याच शब्दाच्या पूर्वरूपाचा अर्थ 'मौल्यवान वस्तू', 'खजिना', 'राजाने दिलेली देणगी' असा होता. 'द वाँडरर' या प्राचीन इंग्रजी काव्यात राजासाठी 'धन देणारा' या अर्थाचा जो सामासिक शब्द येतो, त्याचे पहिले पद हेच आहे. कादंबरीच्या परिशिष्टात टोल्किन आपण केवळ अनुवादक असल्याचा बहाणा करतात. त्यांच्या सांगण्यानुसार हॉबिटांचा मूळ शब्द 'कास्त' असा होता आणि रोहान या घोडेस्वारांच्या राज्यात त्याचेच जुने रूप 'कास्तु' असे होते. या दोन रूपांमधील नाते इंग्रजी वाचकाला जाणवावे म्हणून 'मॅथम' ही योजना. एकेकाळी हॉबिटांचे पूर्वज रोहानच्या लोकांच्या पूर्वजांशेजारी राहत होते, या इतिहासाचा पुरावा म्हणून हा एक शब्द उरला आहे. बोलणाऱ्यांना मात्र त्याची जाणीव नाही.

अवमूल्यन घडले ते का? हॉबिटांना राजा उरला नाही, युद्ध उरले नाही. शस्त्रे चुलीवर टांगली गेली किंवा संग्रहालयात जमा झाली. शौर्याचे मोल म्हणून धन देण्याची व्यवस्थाच नाहीशी झाल्यावर 'धन' या शब्दाला अडगळीखेरीज अर्थ राहिला नाही. याला निव्वळ ऱ्हास म्हणता येत नाही. ही शांततेची किंमत आहे. ती किंमत किती मोठी असू शकते हे टोल्किन बिल्बोच्या चिलखताद्वारे दाखवतात. मिथ्रिल धातूचे हे चिलखत बिल्बोने मॅथम-गृहाला दिले होते. ते अद्याप तेथेच धूळ खात पडले असेल, असे मोरियाच्या अंधारात गॅन्डाल्फ सहज बोलून जातो आणि त्याचे मोल साऱ्या शायरहून अधिक असल्याचे सांगतो. प्रत्यक्षात बिल्बोने ते निघण्यापूर्वी परत घेतले होते आणि त्या क्षणी ते फ्रोडोच्या अंगरख्याखाली असते. पुढे भाल्याच्या घावातून तेच त्याला वाचवते. अडगळ पुन्हा धन होते.

तरीही या शब्दाचे खरे महत्त्व अंगठीच्या संदर्भात उलगडते. हॉबिट आपल्या वाढदिवशी भेटी घेत नाहीत, देतात. आपल्या एकशे अकराव्या वाढदिवसाचा सारा थाट बिल्बोने भेटी वाटण्यासाठी मांडला. इतक्या वस्तू देताना अंगठीही हातून सुटेल, अशी त्याची आशा होती, आणि तो हे स्वतःच कबूल करतो. ही आशा फोल ठरते. गॅन्डाल्फच्या दडपणावाचून अंगठी सुटत नाही. उलटपक्षी, हॉबिटांच्याच जातकुळीतला स्मीगॉल (पुढचा गॉलम) आपल्या वाढदिवशी तीच अंगठी भेट म्हणून मागतो आणि ती मिळेना म्हणून डीगॉलचा गळा दाबतो. मॅथम हातोहात फिरते, कोणालाच बांधून ठेवत नाही. अंगठी मात्र मालकालाच आपली वस्तू करून टाकते. ज्या समाजाने धनाला हसण्याजोगे केले, त्याच समाजातील माणूस अंगठीचा भार इतका काळ पेलू शकला, हा योगायोग मानता येणार नाही.

मराठी अनुवादकापुढे येथे पेच उभा राहतो. 'अडगळ' म्हणावे तर खजिना हरवतो. 'ठेवा' म्हणावे तर विनोद. भालचंद्र नेमाडे यांच्या 'हिंदू' (२०१०) या कादंबरीच्या उपशीर्षकात 'अडगळ' या शब्दाला 'समृद्ध' हे विशेषण जोडावे लागले आहे. टोल्किन यांना विशेषणाची गरज पडली नाही, कारण त्यांच्या शब्दाच्या पोटातच जुने धन दडलेले होते. अर्थात हे श्रेय निर्भेळ नाही. परिशिष्टापर्यंत न पोहोचणाऱ्या किंवा प्राचीन इंग्रजी न जाणणाऱ्या वाचकाला यातील अर्धे नाट्य कधीच दिसत नाही. आपल्याकडील लग्नकार्यांत घराघरांतून फिरणाऱ्या 'देण्याघेण्यातल्या' साड्या ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना शब्दाची वरची बाजू तरी पटकन कळेल.

शायर व रोहान यांच्या शब्दांतील नाते शोधण्याचे काम टोल्किन यांनी कादंबरीतील मेरी या हॉबिटाकडे सोपवले आहे. शायरमधील जुन्या शब्दांवर त्याने एक पुस्तिका लिहिल्याचे प्रस्तावना सांगते आणि त्यात 'मॅथम'चा मुद्दाम उल्लेख होतो. निवडलेला अभ्यासक अचूक आहे. रोहानचे धन नाकारणाऱ्या मेरीला इओविनने निरोपाच्या वेळी एक लहानसे रुपेरी शिंग दिले. ते एका ड्रॅगनच्या खजिन्यातून आलेले आणि एओर्लने उत्तरेकडून आणलेले होते, म्हणजे जुन्या अर्थाने अस्सल 'कास्तु'. शायर परकीयांच्या ताब्यात गेल्याचे दिसताच मेरीने ते फुंकून आपल्या लोकांना उठवले. ते मॅथम-गृहात गेल्याची नोंद कोठेही नाही. बकलंडमध्ये दरवर्षी २ नोव्हेंबरला सूर्यास्ताच्या वेळी ते वाजवले जाई आणि त्यानंतर होळ्या पेटत, जेवणावळी उठत.