'दिलेर जिगर'ची तलवार

मूकपटांतील वीरकथा म्हटली की आपल्याला बाबूराव पेंटरांचा 'सिंहगड' (१९२३) आठवतो, आणि ते योग्यच आहे. पण त्या काळी वीरकथेची आणखी एक वाट होती. तिला ना इतिहासाचा आधार होता, ना पुराणाचा. कल्पनेतले राज्य, जुलमी राजा, बळकावलेली गादी आणि तलवारबाजी एवढ्यावर ती चाले. जी. पी. पवार यांचा 'दिलेर जिगर' (१९३१) हा या प्रकारातला मोजक्या शिल्लक मूकपटांपैकी एक. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने तो जतन केला.

कथा साधी आहे. काळसेन भावाचा खून करून राजा होतो. खरा वारस हमीर गरिबीत वाढतो आणि सारंगासोबत कसरतीचे खेळ करतो. काळसेनाची वाईट नजर सारंगावर पडते. पुढे हीच सारंगा, म्हणजे ललिता पवार, मुखवटा चढवून तलवार उपसते. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र'मधल्या तारामतीसाठी बाई मिळाली नाही, म्हणून अण्णा साळुंके यांना लुगडे नेसावे लागले होते. अठरा वर्षांत पडद्याने केवढी मजल मारली!

आम्हाला या चित्रपटाचे नावही तितकेच मोलाचे वाटते. दिग्दर्शक आणि नायिका मराठी, पात्रे हमीर आणि सारंगा. पण शौर्यासाठी शब्द निवडले ते फारसीतून उर्दूत रुळलेले. खलनायक जुलमी आहे, एवढेच पुरेसे होते. त्याला परधर्मीय करण्याची गरज भासली नाही. आजच्या ऐतिहासिक चित्रपटांच्या गदारोळात ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

तरीही नुसती वाहवा करून भागत नाही. खरा वारस गादीवर आला की जुलूम संपला, हा या वीरकथेचा विश्वास भाबडा आहे. रयत शेवटी रयतच राहते.

या जगात आपल्या स्त्रियाही होत्या. फातमा बेगम यांनी 'वीर अभिमन्यू'त (१९२२) भूमिका केली आणि 'बुलबुल-ए-परिस्तान' (१९२६) दिग्दर्शित करून त्या भारतातील पहिल्या स्त्री दिग्दर्शक ठरल्या. तो चित्रपट आज पाहायला मिळत नाही. भारतात बनलेल्या सुमारे १३०० मूकपटांपैकी फारच थोडे उरले आहेत. म्हणून आपल्या साहित्य संमेलनांत एखादी संध्याकाळ 'दिलेर जिगर'साठी राखून ठेवावी आणि त्या निमित्ताने फातमा बेगम यांच्याविषयीही बोलावे, असे आम्ही सुचवतो.