‘सेव्हन सामुराई’ : जन्म श्रेष्ठ की कम्म?

अकिरा कुरोसावा यांच्या ‘सेव्हन सामुराई’ (१९५४) या जपानी चित्रपटाची चर्चा बहुधा त्यातील युद्धदृश्यांपुरती होते. दरोडेखोरांपासून गाव वाचविण्यासाठी शेतकरी सात सामुराई आणतात, हे त्याचे कथानक. परंतु धम्माच्या अभ्यासकाला त्यातील खरा संघर्ष जन्म आणि कम्म यांचा आहे, असे दिसून येईल.

प्रारंभी एका चोराने लहान मुलाला ओलीस धरलेले असते. काम्बेई हा प्रौढ सामुराई एका भिक्खूकडून मुंडन करून घेतो, त्याचेच चीवर पांघरतो आणि मुलाला सोडवितो. माथ्यावरची केसांची गाठ ही सामुराईच्या दर्जाची खूण. ती तो सहज उतरवितो. चोर मात्र मारला जातो. चीवराचा असा वापर विनयाला मान्य होणारा नाही, हे स्पष्ट म्हटले पाहिजे. तथापि काम्बेई भिक्खू नव्हे. ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात बाबासाहेबांनी हत्येची इच्छा आणि हत्येची आवश्यकता यांत भेद केला आहे. झोपडीतील झटापट कॅमेरा दाखवीत नाही. त्यामुळे आवश्यकता होती काय, हा प्रश्न प्रेक्षकापुढे उरतो.

किकुचियोचे उदाहरण याच्या उलट आहे. शेतकऱ्याच्या पोटी जन्मलेला हा मनुष्य खोटी वंशावळ दाखवून सामुराई म्हणवितो. शेतकरी लबाड खरे, पण त्यांना तसे कोणी केले, असा जाब तो सामुराईंनाच विचारतो. पुढे जळत्या गिरणीजवळ मरणोन्मुख मातेचे तान्हे मूल छातीशी धरून, ‘हा मीच आहे’ असा तो आक्रोश करतो.

सुत्तनिपातातील वासेट्ठ सुत्तात भगवंतांनी सांगितले आहे की वनस्पती व प्राणी यांच्यात जातिभेदाची लक्षणे आढळतात, मनुष्यात ती नाहीत. शेतीने मनुष्य शेतकरी होतो, शस्त्रावर जगण्याने योद्धा. किकुचियोच्या थडग्यावर इतर सामुराईंप्रमाणेच तलवार रोवली जाते, ती याच अर्थाने. कम्माने मिळविलेला मान मृत्यूनंतर का होईना, मान्य होतो.

मात्र जिवंतांच्या बाबतीत कुरोसावा थबकतात. तरुण सामुराई कात्सुशिरो आणि शेतकरीकन्या शिनो यांचे प्रेम जन्माच्या भिंतीपाशीच संपते. इतिहासही तिकडेच वळला : स्वतः सामान्य कुळातून वर आलेल्या हिदेयोशीने १५८८ मध्ये शेतकऱ्यांची शस्त्रे काढून घेतली. विजय शेतकऱ्यांचा झाला, असे काम्बेई अखेरीस म्हणतो. पीक वाचले, हे खरे. परंतु जन्माची भिंत तशीच उभी राहिली. ती पाडण्याचे कार्य तलवारीचे नव्हे, धम्माचे होय.