गाळलेला शंबूक

रामटेकविषयीचे गौरवपर लेखन वाचताना एक गोष्ट ध्यानात येते. त्यात असत्य फारसे नसते. मेघदूतातील रामगिरी म्हणजे हीच टेकडी, हे वा. वि. मिराशींचे मत त्यात असते. सीतेच्या स्नानाने पवित्र झालेले पाणी असते. १९९७ साली येथे स्थापन झालेले कालिदासाच्या नावाचे संस्कृत विद्यापीठ असते. बहुधा नसतो तो शंबूक.

वास्तविक शंबूक या टेकडीला परका नाही. तप करणाऱ्या या शूद्राला रामाने येथेच मारले अशी स्थानिक आख्यायिका आहे, आणि धूम्रेश्वराचे देऊळ त्याच्याशी जोडले जाते. यादव राजा रामचंद्राच्या काळातील, लक्ष्मण मंदिरातल्या शिलालेखातही त्याचा उल्लेख आहे. मग तो आजच्याच लेखनातून का गळतो?

मेघदूत हे विरहकाव्य. त्यात शंबूक नाही म्हणून कालिदासाला आरोपी करण्याचे कारण नाही. परंतु रघुवंशाच्या पंधराव्या सर्गात तोच कवी शंबूकवध वर्णितो, आणि राजाने दंड केल्यामुळे या शूद्राला सद्गती लाभली असा निर्वाळा देतो. भवभूती त्याही पुढे जातो. उत्तररामचरितात मारला गेलेला शंबूक दिव्य पुरुष होऊन येतो व रामाचे उपकार मानतो! वाल्मीकी रामायणाच्या उत्तरकांडात मात्र शंबूक आपला वर्ण खरा सांगतो, आणि तो बोलत असतानाच त्याचे शीर उडवले जाते.

म्हणजे मौन दोन प्रकारे लादता येते. एक, नावच गाळून. दुसरे, मेलेल्याच्या तोंडी मारणाऱ्याची स्तुती घालून. दुसरा प्रकार अधिक घातक, कारण तेथे काही गाळले आहे अशी वाचकाला शंकाही येत नाही.

बाबासाहेबांनी १९३६ च्या ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये या वधासाठी एकट्या रामाला दोष दिला नाही. चातुर्वर्ण्य शिक्षेच्या धाकाशिवाय टिकूच शकत नाही, हे त्यांनी या कथेवरून दाखवले. तेव्हा शंबूक गाळणारा लेखक एका व्यवस्थेविरुद्धचा पुरावाच गाळत असतो.

प्रत्येक लेखक काही ना काही गाळतोच. कसोटी इतकीच की गाळलेले परत ठेवल्यावर निष्कर्ष टिकतो का. रामटेकचे सौंदर्य टिकेल, मेघदूताचे काव्यही टिकेल. ‘हा सर्वांचा सारखाच वारसा’ हा दावा मात्र टिकणार नाही. तो ज्यांना करायचा असेल त्यांनी आधी धूम्रेश्वरापाशी थांबून शंबूकाविषयी बोलावे. आमच्या समीक्षेनेही लिहिलेल्याच्या जोडीने, कोणाला बोलू दिले नाही याची नोंद ठेवली पाहिजे.