वेदी, दालन आणि पडदा

चित्रकलेवर चित्रपट काढणारा निर्माता हा संग्रहालयाचा पाहुणा असतो. यजमानाने दार उघडले तरच त्याचा कॅमेरा आत जातो. या पाहुणचारात त्याला काय गवसते व काय निसटते, हे ब्रिटिश निर्माते-दिग्दर्शक फिल ग्रॅब्स्की यांच्या कारकिर्दीवरून उमगते.

८ नोव्हेंबर २०११ रोजी, लंडनच्या नॅशनल गॅलरीतील लिओनार्दो प्रदर्शनाच्या पूर्वसंध्येला, त्यांनी 'लिओनार्दो लाइव्ह' हा कार्यक्रम ब्रिटनमधील चित्रपटगृहांत थेट दाखविला. पुढे त्या प्रदर्शनाचे तिकीट मिळणे दुरापास्त झाले. २०१३ पासून 'एक्झिबिशन ऑन स्क्रीन' या मालिकेत माने, मुंक, व्हर्मिर, रेम्ब्रां यांच्यावरील चित्रपट आले. २०२३ साली आम्स्टरडॅमच्या राइक्सम्युझियममध्ये व्हर्मिरची २८ चित्रे एकत्र आली. ती सुमारे साडेसहा लाख लोकांनी पाहिली, तरीही असंख्य रसिक बाहेरच राहिले. अशांसाठी ग्रॅब्स्कींचा पडदा हे दुसरे प्रवेशद्वार ठरले. ही सेवा लहान नव्हे.

त्यांचा संयमही वाखाणण्याजोगा. आरंभीच्या चित्रपटांत टिम मार्लो हे निवेदक पडद्यावर वावरत. पुढे ही प्रथा मागे पडली आणि चित्रालाच बोलू देण्याकडे कल वाढला. कॅमेरा कुंचल्याच्या एकेका फटकाऱ्यावर थांबतो. दालनातील गर्दीत असे थांबणे दुर्मीळच.

मात्र पडदा आकाराचे भान हरवतो. व्हर्मिरची 'लेस विणणारी' जेमतेम २४ सेंटिमीटर उंच, तर लिओनार्दोची 'खडकांतील कुमारी' जवळजवळ दोन मीटर. पडद्यावर दोन्ही सारखीच भव्य! पहिलीपुढे वाकून पाहावे लागते, दुसरीपुढे मान वर करावी लागते. शरीराची ही नम्रता खुर्चीत बसून येत नाही.

याहून मोठी उणीव प्रश्नांची आहे. चित्र कोणत्या हातचे, कोणत्या साली रंगविलेले, रंगांचे थर कसे, हे संग्रहालयाचे प्रश्न. पाहुणाही बहुधा तेच विचारतो. परंतु 'खडकांतील कुमारी'चा करार १४८३ साली झाला तो मिलानमधील फ्रान्सिस्कन चर्चच्या वेदीसाठी, निष्कलंक गर्भसंभवाला वाहिलेल्या एका भाविकसंघाने केलेला. मेणबत्तीच्या उजेडात तिच्यापुढे गुडघे टेकणारी माणसे कोण होती? २०११ साली लुव्र व लंडन येथील तिच्या दोन्ही आवृत्त्या प्रथमच एका दालनात आल्या, पण ती वेदी काही परत आली नाही.

ही अपेक्षा ग्रॅब्स्कींकडून अवाजवी नव्हे. बामियानच्या बुद्धमूर्ती २००१ साली उद्ध्वस्त झाल्यावर त्यांनी काढलेल्या चित्रपटात केंद्रस्थानी आहे तो तेथील गुहेत राहणारा मीर नावाचा मुलगा. कलाकृतीच्या सावलीत जगणारे माणूस पाहण्याची दृष्टी त्यांच्यापाशी आहे. 'ईस्टर इन आर्ट' (२०२०) या चित्रपटात चित्रांबरोबर शुभवर्तमानातील कथा येते, तेव्हा चित्रे पुन्हा आपल्या कुळाला भेटल्यासारखी वाटतात.

कॅमेऱ्याने चित्र आपल्या डोळ्यांजवळ आणले, याबद्दल निर्मात्याचे ऋण मानावे. मात्र ज्यांच्या प्रार्थनेसाठी ते रंगविले गेले, त्या अनामिकांनाही त्याने दालनात बोलवावे. यजमानाला नवा प्रश्न विचारणे हाही पाहुण्याचा शिष्टाचारच होय.