सोन्याच्या साखळीतली परवानगी

जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटर मालिकेतलं तिसरं पुस्तक, अझकाबानच्या कैद्याची गोष्ट, १९९९ साली आलं. त्यातला टाइम-टर्नर दिसायला अगदी साधा आहे. लांब, नाजूक सोन्याची साखळी आणि तिला अडकवलेलं इवलंसं वाळूचं घड्याळ. ते जितक्यांदा फिरवावं तितके तास माणूस मागे जातो. हे घड्याळ कसं चालतं याबद्दल रोलिंग जवळपास काहीच सांगत नाहीत. ते मिळालं कसं, हे मात्र आवर्जून सांगतात.

हॅरीची मैत्रीण हर्मायनी हिला जादूच्या शाळेत तिसऱ्या वर्षी सगळेच विषय शिकायचे आहेत आणि वेळापत्रकात सकाळी नऊला तीन विषयांचे वर्ग एकाच वेळी आहेत. तिच्यासाठी प्रोफेसर मॅक्गोनागल जादू मंत्रालयाला पत्रांवर पत्रं लिहितात. मुलगी आदर्श विद्यार्थिनी आहे, अभ्यासाखेरीज कशासाठीही ती याचा वापर करणार नाही, अशी हमी देतात. काळात मागे जाण्याचा अधिकार इथे ना पराक्रमानं मिळतो, ना शास्त्रज्ञाच्या प्रतिभेनं. एका शिक्षिकेनं आपल्या विद्यार्थिनीसाठी शब्द टाकला म्हणून तो मिळतो. मला या कल्पनेतलं सर्वांत सुंदर काही वाटत असेल, तर ते हेच.

त्या शब्दाचं ओझं हर्मायनी वर्षभर एकटीनं वाहते. जिवलग मित्रांनाही सांगायचं नाही, ही अट. जिन्यावर बरोबर चालणारी हर्मायनी क्षणात दिसेनाशी होते आणि मागून धापा टाकत येते. पुस्तकांच्या भारानं तिचं दप्तर उसवतं. एकदा तर ती पुस्तकावर डोकं ठेवून झोपते आणि तिचा तास बुडतो. पहिल्या वाचनात या सगळ्यात एका अतिअभ्यासू मुलीची दमछाक दिसते. रहस्य कळल्यावर तीच पानं पुन्हा वाचली की तिचा एकटेपणा दिसतो.

आता मंत्रालयाची दुसरी बाजू. शाळेचा वनपाल हॅग्रिड याच्या बकबीक या हिप्पोग्रिफला, म्हणजे अर्धा गरुड, अर्धा घोडा असलेल्या प्राण्याला, मृत्युदंड देणारी समिती याच मंत्रालयाची. त्याच्या बचावासाठी हर्मायनीनं ग्रंथालयात बसून टिपणं काढली आहेत. सुनावणी झाली, अपीलही झालं, दोन्हींत हार झाली. शिक्षेच्या त्याच रात्री अझकाबानच्या तुरुंगातून पळालेला, निरपराध सिरियस ब्लॅकही पकडला जातो, आणि मंत्री फज त्याचं म्हणणं ऐकूनच घेत नाहीत. न्यायाचे सगळे सरळ मार्ग बंद झाल्यावर मुख्याध्यापक डम्बलडोर हॅरी आणि हर्मायनीला शाळेच्या रुग्णालयाच्या खोलीत कुलूपबंद करतात आणि जाता जाता घड्याळ तीनदा फिरवायला सुचवतात. ज्या मंत्रालयानं शिक्षा ठोठावली, त्याच मंत्रालयानं दिलेल्या साधनानं ती टळणार असते.

काळात ढवळाढवळ करायची नाही, हा जादूगारांचा कायदा डम्बलडोर विसरलेले नाहीत. कुणाच्याही नजरेस पडू नका, असं ते बजावतात. मग कायदा मोडला का? इथे रोलिंग यांची कारागिरी पाहावी. आधीच्या प्रकरणात मुलांनी दुरून कुऱ्हाडीचा घाव ऐकला होता, पाठोपाठ हॅग्रिडचा आक्रोशही. त्यांनी समजायचं ते समजून घेतलं, आपणही समजून घेतलं. तीन तास मागे जाऊन हाच प्रसंग जवळून अनुभवताना कळतं, की जनावर निसटलेलं पाहून चिडलेल्या जल्लादानं कुऱ्हाड कुंपणावर हाणली होती. आणि आता हॅग्रिडच्या हुंदक्यांमधले शब्दही ऐकू येतात. तो बकबीक सुटला म्हणून आनंदानं रडत असतो. एकच आवाज, पण पहिल्यांदा तो शोकाचा वाटला होता.

म्हणजे बकबीक मेलाच नव्हता. भूतकाळ कुणी बदलला नाही, तो पहिल्यापासून असाच होता. तसंच त्या रात्री तळ्याकाठी डिमेंटरांना, म्हणजे अझकाबानच्या पहारेकऱ्यांना, पळवून लावणारी आकृती आपल्या दिवंगत वडिलांची, असं हॅरीला वाटलेलं असतं. वाट पाहून कुणीच येत नाही, तेव्हा त्याला उमगतं की तो आपणच होतो. जे आपल्या हातून घडून गेलंय ते आपल्याला जमणारच, या खात्रीनं तो मंत्र उच्चारतो. कायद्याचं अक्षर शाबूत राहतं. मोडते ती फक्त मॅक्गोनागलबाईंनी दिलेली हमी, अभ्यासापुरत्या वापराची. आणि ती मोडताना हर्मायनीला किती जड गेलं असेल, हे तिच्या सततच्या धास्तीतून, हॅरीला पुन्हा पुन्हा मागे खेचण्यातून कळतं.

हे साधन हाताशी असताना हॅरीच्या आईवडिलांना का वाचवलं नाही, असा आक्षेप नेहमी घेतला जातो. मला तो या पुस्तकापुरता पटत नाही, कारण इथला काळ घडलेलं पुसू देत नाही. न दिसलेलं तेवढं दाखवतो. पुढच्या पुस्तकांसाठी मात्र रोलिंग यांनाही ही अडचण जाणवली असावी. २००३ च्या पाचव्या भागातल्या झटापटीत मंत्रालयातल्या टाइम-टर्नरांचा सारा साठा फुटतो. कथेची सोय म्हणून ते ठीक, पण तिसऱ्या पुस्तकाचा शेवट मला त्याहून कितीतरी सच्चा वाटतो. तिथे घड्याळ फुटत नाही, कुणी हिसकावूनही घेत नाही. परीक्षेत ३२० टक्के मिळालेला विषय हर्मायनी सोडून देते, इतर मुलांसारखं वेळापत्रक मागून घेते आणि साखळी स्वतःहून परत करते.