श्वास, ओळ आणि दुरुस्तीवाले

शेक्सपिअरचे इंग्रजी आता इंग्रजी बोलणाऱ्यांनाच कळत नाही, तेव्हा ते बदलून टाकावे, हा विचार पूर्वी परीक्षेच्या गाइडांपुरता होता. एका पानावर मूळ, समोरच्या पानावर सोपे इंग्रजी. पोरांनी सोपे पान वाचावे आणि पास व्हावे. तोच विचार आता रंगभूमीवर मानाने येऊन बसला आहे. अमेरिकेतल्या ऑरेगन शेक्सपिअर फेस्टिव्हलने २०१५ मध्ये ३६ नाटककारांना ३९ नाटके वाटून दिली आणि ती आजच्या इंग्रजीत आणायला सांगितले. २०१९ साली न्यूयॉर्कमध्ये सगळ्यांचे जाहीर वाचन झाले. मग संहिता छापून येऊ लागल्या, ऐकण्याच्या मालिका निघाल्या, आणि प्रयोग म्हणून सुरू झालेल्या या कामाचा बघता बघता उद्योग झाला.

उद्योगाचे नियम सभ्य आहेत. काळ, कथा, पात्रे बदलायची नाहीत. जी ओळ आजही कळते तिला हात लावायचा नाही. छंद आणि यमके सांभाळायची. नाटककारांत निम्म्याहून अधिक स्त्रिया, निम्म्याहून अधिक गोरेतर. त्यांच्या हाती हे भांडार जावे याला कोणी शहाणा माणूस हरकत घेणार नाही. माझी तक्रार निदानाबद्दल आहे. प्रेक्षकाला कळत नाही, हे खरे. पण का कळत नाही, याचा शोध कोणी घेतला? जुने शब्द मोजून पाहा. 'हॅम्लेट'च्या कुठल्याही पानावर खरोखर मेलेले शब्द हाताच्या बोटांवर मोजावेत इतके निघतील. बाकीचे इंग्रजी आजचेच आहे. तरी तिसऱ्या रांगेतला माणूस अर्ध्या स्वगतानंतर मान टाकतो. दोष शब्दांचा असता, तर टिपांची पुस्तके वाचून आलेला प्राध्यापक तरी जागा राहिला असता. तोही राहत नाही!

कारण साधे आहे. वाक्य त्याच्यापर्यंत अखंड पोहोचतच नाही. कॅमेऱ्यासमोर घडलेला आजचा नट बोलण्याआधी विचार करतो, आणि तो करताना आपण दिसावे अशी त्याची इच्छा असते. म्हणून तो थांबतो, खिडकीकडे पाहतो, अर्धा शब्द उच्चारून हनुवटी खाजवतो. शेक्सपिअरची माणसे मात्र बोलता बोलता विचार करतात. त्यांचा विचार ओळीच्या चालीवर पुढे जातो; दहा अक्षरे, पाच आघात, आणि ओळ संपताना एक बारीकशी कड, जिथून पुढचा शब्द सापडतो. ती कड पुसली आणि मध्येच तीन ठिकाणी खड्डे पाडले, की सात ओळींचे एक वाक्य ऐकणाऱ्याच्या हाती तुकड्यातुकड्यांनी येते. क्रियापद येईपर्यंत तो कर्ता विसरलेला असतो.

'मॅकबेथ'मधला खुनानंतरचा प्रसंग घ्या. नवरा वरून उतरतो, बायको खाली उभी आहे, आणि दोघांत एकेका शब्दाचे प्रश्नोत्तर होते. आजच्या बहुतेक संपादित प्रतींत हे तुटक उद्गार एकाखाली एक पायऱ्यांसारखे छापतात, कारण चार उद्गार मिळून एकच ओळ भरते. म्हणजे त्यांच्यामध्ये श्वासाला जागा नाही. दोघे एकमेकांच्या शब्दावर चढून बोलत आहेत. त्यातच भीती आहे. हाच प्रसंग प्रत्येक उद्गारानंतर तीन-तीन सेकंद थांबून, मागे घुबडाचा आवाज लावून केलेला प्रयोग आपण सगळ्यांनी पाहिला आहे. तिथे भीतीचा देखावा असतो आणि प्रेक्षक घड्याळ पाहत असतो. यातला एकही शब्द अवघड नाही. मग इथे दुरुस्तीवाले नेमके काय दुरुस्त करणार?

हे शहाणपण नवे नाही, म्हणून तर राग येतो. दिग्दर्शक ग्रॅनव्हिल-बार्करने १९१२ मध्ये लंडनच्या सॅव्हॉय थिएटरात 'द विंटर्स टेल' जवळजवळ काटछाट न करता उभे केले, तेव्हा नट फार भरभर बोलतात अशी ओरड वर्तमानपत्रांनी केली. त्या काळी शेक्सपिअर म्हणजे भरजरी देखावे आणि त्यांना जागा करून देण्यासाठी छाटलेली संहिता. बार्करने देखावे छाटले आणि संहिता ठेवली. त्यासाठी वेग लागतोच. आणि नाटक कोणते निवडले पाहा. त्यातल्या लिओन्टीझ राजाला पहिल्याच अंकात मत्सराचा झटका येतो आणि त्याची वाक्ये आतून मोडतात: विषय मध्येच बदलतो, कंसात कंस उघडतो, ओळ संपते तरी वाक्य संपत नाही. त्या बोलण्याचा सरळ अर्थ काय यावर विद्वान अजून भांडतात. पण हा अर्थ न लागणे हेच राजाचे दुखणे आहे, आणि वेगात ते अंगावर येते. आजच्या इंग्रजीत हे भाषण नीट लावून दिले, तर एक समंजस नवरा आपली शंका मुद्देसूद मांडताना दिसेल. रोगी बरा झाला की नाटक दुसऱ्या अंकाआधीच संपले.

पुढच्या पिढ्यांत पीटर हॉल, जॉन बार्टन आणि सिसिली बेरी यांनी रॉयल शेक्सपिअर कंपनीत हीच विद्या घडवली. हॉल ओळीच्या टोकाबद्दल हट्टी होता, बार्टन मधला मार्ग शोधणारा, आणि बेरीबाई नटांना ओळ म्हणता म्हणता खुर्च्या ढकलायला लावत, म्हणजे शब्द घशातून निघून पोटात जावा. त्या २०१८ मध्ये वारल्या. श्रद्धांजल्या भरभरून आल्या, पण त्यांचे काम मोठ्या नाट्यगृहांच्या जाहिरातींत कुठे दिसत नाही. तिथे नाव असते चित्रपटातल्या चेहऱ्याचे.

बाकीच्या फॅशनी थोडक्यात आटोपतो. भाषाशास्त्रज्ञ डेव्हिड क्रिस्टल यांनी २००४ मध्ये ग्लोब थिएटरसाठी 'रोमिओ आणि ज्युलिएट' चारशे वर्षांपूर्वीच्या उच्चारांत बसवून दिले. 'लव्ह' आणि 'प्रूव्ह' यांचे यमक पुन्हा जुळले, काही हरवलेल्या कोट्या सापडल्या, आणि कौतुक तेवढ्यावर संपले. शेक्सपिअरच्या नाटकांच्या १६२३ च्या फोलिओतली मोठी अक्षरे आणि विरामचिन्हे या नटाला दिलेल्या गुप्त सूचना आहेत असे मानणारा एक पंथ आहे. ती चिन्हे किती अंशी छापखान्यातल्या जुळाऱ्यांची आहेत हे चार्ल्टन हिनमनने १९६३ सालीच दाखवून दिल्यामुळे त्या पंथावर जास्त शाई खर्चू नये. ग्लोबच्या प्रमुख एमा राइस यांना तिथे विजेचे दिवे आणि ध्वनियंत्रणा आणल्याबद्दल जावे लागले, त्या भांडणात दोन्ही बाजू दिव्यांवर बोलल्या, तोंडातल्या शब्दांवर कोणीच नाही. आणि हॅम्लेटला रुग्णालयात, तुरुंगात, बँकेत नेऊन ठेवणारे दिग्दर्शक त्याला कुठेही नेवोत.

ज्यावर लिहावेसे वाटते ते काम कडेला, कमी पैशांत चालले आहे. व्हर्जिनियातल्या स्टॉन्टन या लहान गावात २००१ मध्ये जुन्या ब्लॅकफ्रायर्स नाट्यगृहाची प्रतिकृती उभी राहिली. तिथली मंडळी वर्षातला एक हंगाम दिग्दर्शकाशिवाय करत आली. मोजक्या दिवसांच्या तालमी, प्रेक्षागृहातले दिवे चालू, आणि नटाच्या हाती पूर्ण नाटक नाही, फक्त त्याची नक्कल: स्वतःची वाक्ये आणि प्रत्येक वाक्याआधी समोरच्याचे शेवटचे दोन-तीन शब्द. एलिझाबेथच्या काळात नटाला असेच मिळत असे. त्या काळचा नट एडवर्ड ॲलिन याची 'ऑर्लँडो फ्युरिओसो'मधली नक्कल डलिच कॉलेजच्या संग्रहात आजही आहे, कागदाच्या पट्ट्या एकाखाली एक चिकटवून केलेली गुंडाळी. सायमन पॅलफ्री आणि टिफनी स्टर्न यांनी २००७ च्या ग्रंथात या पद्धतीचा नाट्यार्थ उलगडला, आणि माझ्या मते गेल्या काही दशकांत शेक्सपिअरवर याहून उपयोगाचे पुस्तक आलेले नाही. शायलॉकचेच बघा. कर्जखताचा हट्ट धरून बसलेल्या प्रसंगात तो तेच शब्द पुन्हा पुन्हा बोलतो. ज्याच्या नक्कलेत तेच शब्द इशारा म्हणून लिहिले आहेत, तो नट पहिल्यांदा ते ऐकताच तोंड उघडणार, आणि शायलॉक त्याला दाबून पुढे बोलत राहणार. पुन्हा इशारा, पुन्हा दाबणे. अडवले जाण्याची ती चीड नटाला अभिनयाने आणावी लागत नाही, ती त्याच्या नक्कलेत लिहूनच दिलेली आहे. आता या पुनरुक्तीतून 'कंटाळा' काढून टाकणारा एखादा सुधारक डोळ्यांसमोर आणा!

याहूनही मला भुरळ घातली आहे ती स्ट्रॅटफर्डच्या शाळकरी मुलांनी. शेक्सपिअर ज्या शाळेत शिकला असे मानतात, त्याच किंग एडवर्ड शाळेतली ही मुले 'एडवर्ड्स बॉइज' या नावाने पेरी मिल्स यांच्या हाताखाली जुन्या बालनट मंडळ्यांची नाटके करतात. लिली, मार्स्टन, मिडलटन. जॉन लिलीचे गद्य प्राध्यापकांनी केव्हाच पुरून टाकले होते: तोलून-मापून केलेले उपवाक्य, त्यासमोर तेवढ्याच वजनाचे दुसरे, प्रत्येक उपमेला जोडीदार. वाचताना जांभई येते, हे कबूल. पण हे गद्य मुळात सेंट पॉलच्या गायक मुलांसाठी लिहिलेले होते, आणि आजच्या मुलांच्या तोंडी ते चेंडूसारखे एका हातातून दुसऱ्या हातात जाते. वाक्याचा पहिला अर्धा भाग एक फेकतो, दुसरा झेलतो आणि त्याच वजनाने परत करतो. 'गॅलटीया'मध्ये मुलाचे सोंग घेतलेल्या दोन मुली एकमेकींवर भाळतात आणि समोरचा खरोखर मुलगा आहे का याचा अंदाज घेत राहतात. तिथला हा तोल म्हणजे सावधपणा आहे. दोघी सारखेच बोलतात, कारण दोघींचे गुपित एकच आहे. चौदा-पंधरा वर्षांच्या पोरांना हे कोणी व्याकरण शिकवून कळलेले नाही. त्यांनी ते जोडीने मोठ्याने म्हटले, इतकेच.

आपल्या महाविद्यालयांत मात्र व्हेरिटीच्या टिपांपासून आजच्या नोट्सपर्यंत नाटक हे डोळ्यांनी सोडवायचे कोडे राहिले आहे. एम.ए. झालेला विद्यार्थी लिअरच्या शोकात्म दोषावर चार पाने लिहितो. त्याला लिअरची चार वाक्ये एका दमात म्हणायला सांगून पाहावे.

माझ्या या म्हणण्यावर एक मराठी आक्षेप ठरलेला आहे. आगरकरांनी 'विकारविलसित' केले, देवलांचा 'झुंझारराव' गाजला, गणपतराव जोशींचा हॅम्लेट पाहायला माणसे लोटली, विंदांनी 'राजा लिअर' दिला. आपल्याला आपल्या भाषेत शेक्सपिअर चालतो, तर त्यांनी त्यांच्या आजच्या भाषेत का करू नये? कारण विंदांपुढे पळवाट नव्हती. मराठीत इंग्रजी आघातांची ओळ येतच नाही, म्हणून त्यांना लय, श्वास, शिव्या, आशीर्वाद सगळे मुळापासून उभारावे लागले, आणि जे उभे राहिले त्याला स्वतःचे अंग आहे. दुरुस्तीवाल्याला हे काहीच करावे लागत नाही. तो तीन शब्द ठेवतो, चौथा बदलतो, पुन्हा तीन ठेवतो. वाडा पाडून नवा बांधणारा परवडला. हा चिरे तसेच ठेवून मध्ये प्लायवूड बसवतो. ऐकणाऱ्याला दोन काळ एकाच ओळीत खडखडताना ऐकू येतात.

उलट मराठी कानाला मूळ नाटकातले असे काही सहज कळते जे आजच्या इंग्रजी कानाला समजावून सांगावे लागते. हॅम्लेट आईच्या महालात येतो, तेव्हा ती त्याला 'तू' म्हणून रागावते. तो तेच वाक्य उलटवून तिच्या तोंडावर फेकतो, पण 'तुम्ही' म्हणून. पुढच्याच वाक्यात तीही 'तुम्ही'वर जाते. मायलेकांमधले दार तिथे लागते. आजच्या इंग्रजीत ही पायरीच शिल्लक नाही. हा बदल नटीने ऐकला आणि वापरला, तर टिपेशिवाय कोणालाही पोहोचतो. नाही वापरला, तर भाषा बदलूनही काही पोहोचणार नाही.

आणि समजा, दुरुस्तीवाल्यांचे सगळे मान्य केले. शेक्सपिअर दुरुस्त झाला. पुढे बेन जॉन्सनचे काय करणार? १६१० च्या 'द अल्केमिस्ट'मध्ये तीन भामटे लंडनमधल्या एका रिकाम्या घरात किमयेचे दुकान थाटतात आणि गिऱ्हाइकांवर पारा, गंधक, भट्ट्या आणि रसायनांच्या नावांचा भडिमार करतात. ती परिभाषा आज कळत नाही. तेव्हाही गिऱ्हाइकाला कळू नये म्हणूनच ती आहे; न कळणे हाच तर धंदा. एक संशयखोर गृहस्थ हे सारे ऐकून कपाळाला हात लावतो आणि प्रेक्षक त्याच्या बाजूने हसतो. लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये २००६ सालीही सायमन रसेल बील आणि ॲलेक्स जेनिंग्ज यांनी हे नाटक केले. दुरुस्तीवाल्यांनी त्या परिभाषेचे सोपे इंग्रजी करून दाखवावे, आणि मग त्या भामट्यांकडे कोणते गिऱ्हाईक फसायला येईल तेही सांगावे.